लग्नाचा आकडा

डहाणूकडची एक वारली बाई नवऱ्याबरोबर भोपाळला आली होती. भोपाळ हाटात हस्तकलांची जत्रा भरली होती आणि तिथे तिला गाळा मिळाला होता. दिवसभर ती गेरूच्या कापडावर पांढऱ्या रेषा ओढायची. नवरा गिऱ्हाइकांना भाव सांगायचा. रात्री दोघं महाराणा प्रताप नगरातल्या एका स्वस्त लॉजवर झोपायला यायची. खाली क्लासच्या पोरांची वर्दळ, वर पाट्यांचा लखलखाट. बाईला लवकर झोप लागत नसे.

घरी मुलगी लग्नाची होती. मुलगा चांगला होता, बोलणी झाली होती. अडलं होतं ते पैशापाशी. पाड्यावरच्या मागच्या लग्नात डीजे आला होता, हजार माणूस जेवलं होतं. "आपलं त्याहून कमी दिसलं तर लोक काय म्हणतील?" हे नवऱ्याचं रोजचं पालुपद.

एक दिवस महाराणा प्रताप नगरातलाच एक व्यापारी गाळ्यावर आला. त्याने चित्रं निरखून पाहिली, चौकशी केली आणि संध्याकाळी दोघांना दुकानावर बोलावलं. चहा दिला, समोसे दिले. मग म्हणाला, "दीदी, दोन लाख आजच घेऊन जा. मुलीचं लग्न थाटात करा. फेडायची घाई नाही. फक्त पैसे फिटेपर्यंत काढाल ते चित्र माझं. दुसरीकडे विकायचं नाही."

नवऱ्याचा चेहरा उजळला. कागद पुढे आला. बाई शाळेत चौथीपर्यंतच गेली होती, पण बोट ठेवून ठेवून तिने तो सगळा वाचला. दोन लाखांचा आकडा अंकी होता, अक्षरीही होता. खाली चित्राच्या किमतीचा रकाना होता. तो कोरा होता.

"एका चित्रामागे किती वळते होणार?" तिने विचारलं.

"ते बघू ना. घरातलीच गोष्ट आहे."

"मग उद्या सांगते," म्हणून ती उठली.

लॉजवर आल्यावर नवरा चिडला. दारात आलेली लक्ष्मी परत पाठवली म्हणाला. बाईने त्याला बोलू दिलं. त्याचं बोलून झाल्यावर तिने आपल्या आज्याची गोष्ट काढली.

आज्याच्या लग्नाला सावकाराने पैसे दिले होते. मुलीच्या बापाला द्यायचं देज, भात, ताडी, नवरीचं लुगडं, सगळं त्यातून झालं. हळद उतरली आणि आजा सावकाराचा लग्नगडी झाला, म्हणजे लग्नाच्या कर्जापायी राबणारा गडी. पहाटे गवत कापायचं, दिवसा शेतात खपायचं, रात्री वाड्यावर पडतील ती कामं करायची. आजीही राबायची. कर्ज तिच्या लग्नाचं, तेव्हा तीही त्यातच आली. दर वर्षी आजा विचारायचा, "शेठ, फिटलं का?" शेठ वही उघडायचा आणि म्हणायचा, "अजून आहे." वहीत कर्जाचा आकडा होता. आज्याच्या दिवसाचा आकडा कुठेच नव्हता.

मग १९४५ साल उजाडलं. २३ मे रोजी तलासरीकडे झरी गावात वारल्यांची सभा भरली. कार्यकर्ते शामराव आणि गोदावरी परुळेकर आले होते, पाड्यापाड्यांवरून हजारो माणसं आली होती. वेठ करायची नाही, लग्नगडी म्हणून राहायचं नाही, असं तिथे ठरलं. पुढे एका पहाटे सावकाराचा माणूस हाक मारायला आला. आजा आतूनच म्हणाला, "येत नाही." चारच अक्षरं वाटतील, पण ती म्हणताना त्याचे पाय कापत होते, असं आजी सांगायची. ऑक्टोबरात तलवाड्याला गोळीबार झाला, पाच जण मेले. तरी गडी परत वाड्यावर गेले नाहीत.

सुटका झाली, पण पोरं तर लग्नाची होतीच. आज्याचा धाकटा भाऊ लग्नाला उभा होता आणि घरात दमडी नव्हती. पाड्यावरची माणसं बसली. एक म्हातारी सवाशीण म्हणाली, "लग्नाला लागतं काय? भिंतीवर चौक, चौकात पालघाट देवी आणि लग्नाची गाणी गायला धवलेरी. बाकीचं सगळं लोकांच्या तोंडासाठी." मग प्रत्येक घराने पायलीभर तांदूळ आणला. त्यातल्याच मूठभर तांदळाच्या पिठाने बायकांनी चौक लिहिला. ताडी आपल्याच झाडांची उतरवली. मुलीच्या बापाने देज दोन पावसाळ्यांनी द्या म्हणून सांगितलं. जेवण एकदाच झालं, पण लग्न लागलं.

शेजारच्या पाड्यावरच्या एकाला हे भिकारडं वाटलं. तो रात्री गुपचूप सावकाराकडे गेला. त्याच्या लग्नाचं कौतुक पुढे वर्षभर चाललं. त्याला कोणी लग्नगडी म्हटलं नाही, आगाऊ पैसे घेतलेला मजूर म्हटलं. पहाटेची हाक मात्र त्याच वेळेला यायची.

नवरा काही बोलला नाही. सकाळी तोच म्हणाला, "चल, रकाना भरून घेऊ."

व्यापाऱ्याने थोडे आढेवेढे घेतले आणि रकान्यात दोनशे रुपये लिहिले. नवऱ्याने मोबाइलवर हिशोब केला. हजार चित्रं. असल्या चित्राला तीन दिवस लागत. आठ वर्षांच्या वर. हाटात त्याच मापाचं चित्र दीड हजाराला जात होतं. त्याने कागद नीट घडी घालून परत केला आणि दोघं जत्रेला निघून गेली.

लग्न पुढच्या वैशाखात अंगणातच लागलं. पायली पायली तांदूळ आला. डीजे नव्हता, पण पाड्यावरच्या एका पोराने दोन स्पीकर आणून लावलेच.

सुटका झाल्यावर पुढचं कसं भागवायचं, ही अडचण एकट्या वारल्यांची नाही. ब्रिटिशांनी वेस्ट इंडीजमधली गुलामी १८३४ मध्ये उठवली. नुकसानभरपाईचे दोन कोटी पौंड मिळाले ते मालकांना. राबणाऱ्यांना उमेदवारीच्या नावाखाली आणखी चार वर्षं त्याच मळ्यांशी बांधून ठेवलं. सुटल्यावर १८३९ मध्ये गयानातल्या पाच मळ्यांवरच्या ८३ जणांनी मजुरीतून साठवलेली नाणी एकत्र केली, ढकलगाड्यांत भरून नेली आणि एक मळाच विकत घेतला. तिथे व्हिक्टोरिया गाव वसलं. त्यांच्यातल्या कोणा एकट्याला ते झेपलं नसतं. बेडी तोडण्याचं काम सभेने होतं, कायद्याने होतं. त्यानंतरच्या लग्नांचं, बाळंतपणांचं, दुखण्याखुपण्याचं काय, याची सोय शेजाऱ्यांनीच करावी लागते. ती झाली नाही की सावकार परत दारात उभा राहतो.

आपल्याकडे वेठबिगारी १९७६ च्या कायद्याने बंद आहे. उचल देऊन त्या बदल्यात एखाद्याला आपल्या कष्टाचा माल बाजारभावाने विकू न देणं हीही त्या कायद्याने वेठबिगारीच ठरते, आणि असं कर्ज फेडायची जबाबदारी राहत नाही. वीटभट्टीवर, ऊसतोडीत, कारखान्यात तुमच्या ओळखीचं कोणी असं अडकलेलं असेल, तर त्याला जिल्हाधिकारी कचेरीचा नुसता पत्ता देऊ नका. बरोबर जा.