पाचवं ताट

रेशनकार्ड चार माणसांचं आणि जेवायला ताटं पाच. जर्मनव्याप्त युरोपात ज्यू माणसाला घरात ठेवून घेणं म्हणजे काय, हे मला या साध्या हिशेबातून जेवढं उमगलं तेवढं शौर्यकथांमधून उमगलं नाही. पाव मोजून, लोणी मोजून, कोळसा मोजून, जोड्यांचं चामडंसुद्धा मोजूनच मिळायचं. जास्तीचा पाव मागावा तर दुकानदाराच्या भुवया वर जाणार, न मागावा तर आपल्याच पोरांच्या वाटणीचा घास कमी होणार. गेस्टापो कधीतरी एखाद्या रात्री येतो. पाव मात्र रोज सकाळी लागतो.

आपण या गोष्टी नेहमी रात्रीच्या सांगतो. दारावरची थाप, जिन्यावरचे बूट, भिंतीमागं कोंडलेला श्वास. त्या खोट्या नाहीत. हॉलंडच्या हार्लेममधल्या घड्याळजी टेन बूम यांच्या घरावर २८ फेब्रुवारी १९४४ रोजी छापा पडला, तेव्हा खोट्या भिंतीमागं सहा माणसं उभी होती आणि ती सापडली नाहीत. सापडलं ते घरातलं कुटुंब. ८४ वर्षांचे कास्पर टेन बूम दहा दिवसांत कैदेत वारले, मुलगी बेट्सी त्याच वर्षीच्या डिसेंबरात राव्हेन्सब्र्यूकच्या छावणीत मरण पावली. पण अशा घरांत त्या एका रात्रीआधी शेकडो दुपारी गेलेल्या असतात. धुणं कुणाचं वाळत घालायचं, संडासाला कधी जायचं, शेजारीण आली तर खोकला कसा दाबायचा, याच्या दुपारी. मला त्या दुपारींबद्दल बोलायचं आहे.

त्यासाठी फ्रान्सच्या मध्य-दक्षिण भागातल्या ल शांबों-स्युर-लिन्यों या गावात जायला हवं. समुद्रसपाटीपासून सुमारे १००० मीटर उंचीवरचं हे पठार. हिवाळे कडक, शेती बेताची, दगडी घरं एकमेकांपासून लांबलांब. पास्टर आंद्रे त्रोक्मे १९३४ मध्ये इथं आले. जून १९४० मध्ये फ्रान्सनं शस्त्रं खाली ठेवली आणि दुसऱ्याच दिवशी, रविवारी, त्रोक्मे आणि त्यांचे सहकारी एद्वार तेइस यांनी चर्चमध्ये सांगितलं, की विवेकाविरुद्ध जाणारा हुकूम आला तर तो मानायचा नाही, मात्र आपली हत्यारं आत्म्याची असतील. पुढच्या चार वर्षांत या पठारावरच्या घरांत, शेतांवर, वसतिगृहांत हजारो निर्वासित राहून गेले आणि त्यांत ज्यू मोठ्या संख्येनं होते. पाच हजार हा आकडा बरीच वर्षं सांगितला जाई. आता अभ्यासक तो खाली आणतात. आणोत बापडे. त्यानं एका घरातलं एक ताटसुद्धा कमी होत नाही.

शांबोंबद्दल लिहिताना ‘साधीसुधी माणसं’ हा शब्दप्रयोग हमखास येतो आणि तिथं मला ठेच लागते. साधी होती, हे कबूल. पण कोरी नव्हती. चौदाव्या लुईनं १६८५ मध्ये प्रॉटेस्टंटांची धर्मस्वातंत्र्याची सनद रद्द केली, तेव्हापासून शंभरेक वर्षं या लोकांचे पूर्वज रानात चोरून प्रार्थना करत होते, आपल्या पास्टरांना गोठ्यात लपवत होते. याच मुलखातली मारी द्यूरां १७३० मध्ये एग-मोर्तच्या बुरुजात कैद झाली ती १७६८ मध्ये सुटली. अडतीस वर्षं. ‘मी कॅथलिक झाले’ एवढंच म्हणायचं होतं, ते ती म्हणाली नाही. त्या बुरुजाच्या दगडात कोरलेला ‘प्रतिकार करा’ अशा अर्थाचा शब्द तिचाच मानला जातो. अशा कथा आजीच्या मांडीवर ऐकत वाढलेल्या शेतकऱ्याला दाराशी आलेला पळपुटा माणूस अनोळखी वाटत नाही. त्यातून ज्यू म्हणजे तर बायबलातलीच माणसं.

पण नुसत्या स्मृतीवर एवढं सगळं उभं राहिलं असतं का? मला नाही वाटत. त्याला हाताची सवय लागते. लुई कोंत नावाच्या सेंत-एत्येनच्या पास्टरनं १८९३ पासून तिथल्या मजुरांच्या अशक्त पोरांना उन्हाळ्यात या पठारावर पाठवायला सुरुवात केली होती. मोकळ्या हवेसाठी आणि दुधासाठी. शेतकरणींना त्याचे थोडे पैसे मिळत. शहरातलं, वेगळंच बोलणारं, रात्री आईसाठी रडणारं पोर घरात ठेवून घेणं या बायकांना दोन पिढ्या ठाऊक होतं. शिवाय गावात पाहुण्यांना पैसे घेऊन ठेवणारी निवासं होती, तेइस मुख्याध्यापक असलेली १९३८ मधली नवी शाळा होती. परका चेहरा दिसला म्हणून गावात कुणी मान वळवून पाहत नसे. लपवण्याची इतकी चांगली जागा कुणी ठरवून बांधली नसती.

आपल्याकडं ‘आश्रय देणं’ हा शब्द दरबारातला आहे. देणारा वर, घेणारा खाली. घरातला शब्द ‘ठेवून घेणं’. बहिणीचं पोर शाळेसाठी ठेवून घेतात, गावाकडचा पुतण्या ठेवून घेतात, जेवणाऱ्यात आणखी एक जेवणारा. त्यात प्रेम असतं, कटकट असते, क्वचित महिन्याच्या खर्चाचे पैसेही असतात. शांबोंतही पुष्कळांच्या खर्चाचे पैसे क्वेकर, स्विस आणि ज्यू मदतसंस्थांकडून येत. पैसे घेतले म्हणून पुण्य उणावलं, असं म्हणणाऱ्यानं एकदा चार कार्डांवर पाच माणसं जेवू घालून दाखवावीत.

कार्डाचा प्रश्न शेवटी कागदानंच सुटायचा. खोटं ओळखपत्र, खोटं रेशनकार्ड. ऑस्कार रोझोव्स्की नावाचा एक तरुण ज्यू मुलगा पठारावरच्या एका शेतघरात राहून हे कागद बनवत असे. त्याचं सामान मधमाश्यांच्या पोळ्यांच्या पेट्यांत दडवलेलं असे. पण ‘खोटी साक्ष देऊ नको’ ही आज्ञा ज्यांनी पाळण्यासाठी पाठ केली होती, त्यांना हे सोपं गेलं नाही. त्रोक्मेंच्या घरात या कागदांचा सल होता. पुढं १९४४ मध्ये त्रोक्मे स्वतः खोट्या नावानं लपून राहत असताना ल्यों स्टेशनवर जर्मनांच्या हाती लागले, तेव्हा नाव विचारलं तर खरंच सांगायचं, असं त्यांनी ठरवून टाकलं. विचारण्याआधीच निसटता आलं म्हणून वाचले. हा हट्ट मला वेडेपणाचा वाटतो. पण असं वेड नसलेल्या माणसानं १९४० मध्ये ते प्रवचन केलं असतं का, असंही वाटतं.

धर्मामुळं हे घडलं, असं एका वाक्यात सांगता येत नाही. हॉलंडकडं पाहा. तिथंही शांबोंसारखेच कॅल्विनपंथी प्रॉटेस्टंट, तेच बायबल. तिथले सुमारे १ लाख ४० हजार ज्यू, त्यांतले एक लाखाहून अधिक मारले गेले. सपाट देश, लपायला डोंगर नाही आणि नागरिकांच्या नोंदी इतक्या नेटक्या, की त्या शत्रूच्याच कामी आल्या. १९४३ मध्ये दडलेला एक ज्यू पकडून दिला, की साडेसात गिल्डरचं बक्षीस मिळे. पकडून देणारे काही परग्रहावरून आले नव्हते. त्याच देशात न्यूवलांद गावानं ठरवलं, की प्रत्येक घरानं निदान एक माणूस ठेवून घ्यायचा, म्हणजे कुणी कुणाची चुगली करणार नाही. त्याच देशात विंटर्सवाइकच्या हेलेना काउपर्स-रीटबर्ग या पाच मुलांच्या आईनं एका पास्टरला गाठून लपलेल्यांसाठी देशभर पसरलेली संघटना उभी केली. कार्डं मिळवण्यासाठी रेशन कचेऱ्यांवर चक्क सशस्त्र दरोडे पडू लागले. हेलेनाला लोक ‘रीक मावशी’ म्हणत. तीही राव्हेन्सब्र्यूकमध्येच मरण पावली.

आणखी एक अवघड गोष्ट. ठेवून घेतलेलं पोर परत द्यायची वेळ आली, तेव्हा काहींचे हात सुटले नाहीत. फ्रान्समधल्या ग्रनोब्लच्या बालगृहात वाचवलेल्या फिनाली या ज्यू बंधूंचा १९४८ मध्ये बाप्तिस्मा झाला. नातेवाईक मागत राहिले. मुलांना पाद्री आणि नन्सनी स्पेनमध्ये लपवलं आणि १९५३ मध्ये ती आपल्या माणसांकडं पोचली. जीव वाचवला म्हणजे माणूस आपला झाला, ही समजूत मायेतूनच येते. म्हणून ती जास्त भिववते.

आता आपल्याकडं पाहू. कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंना शेजाऱ्यांनी ‘शनवार तेली’ म्हटलं. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून. त्यांना कधी कुणापासून लपावं लागलं नाही. याचा अभिमान जरूर धरावा. मात्र आपली दारं त्या परीक्षेला कधी बसलीच नाहीत, हेही ध्यानात असू द्यावं.

शांबोंतही सगळी दारं पहिल्या थापेला उघडली नव्हती. १९४०-४१ च्या हिवाळ्यात पास्टरच्या घराशी एक जर्मन ज्यू बाई आली, बर्फानं भिजलेली. पास्टरची बायको मॅग्दा हिनं तिला आत घेतलं, खाऊ घातलं, तिचे ओले जोडे वाळत ठेवले आणि कागदपत्रांची काही सोय होईल म्हणून ती थेट महापौरांकडं गेली. महापौर चिडले. परक्या ज्यूंपायी गावातल्या फ्रेंचांना संकटात टाकता काय, तिला गावाबाहेर काढा. मॅग्दा घरी आली तर जोडे आचेवर करपून गेले होते. त्या दिवसांत जोडे मिळवणं म्हणजे दिव्य. ते तिनं कुठूनतरी मिळवले, बाईच्या पायांत घातले आणि तिला पुढच्या वाटेला लावलं.

त्यानंतर कुणी दाराशी आलं, की मॅग्दा महापौरांकडं गेली नाही.