तबकडीवरचं नाव

१९६० साली केइओ विद्यापीठाच्या कायदा शाखेतून पदवी घेतलेला एक तरुण तोहो या चित्रपट कंपनीत दाखल झाला. नाव इकेहाता नाओआकि. कंपनीने लगेच त्याचं नव्याने बारसं केलं. कागा या एकेकाळच्या गडगंज जहागिरीतून 'का' घेतला, फुजी पर्वतातून 'यामा', वीर या अर्थाच्या शब्दातून 'यु' आणि कंपनीचे संस्थापक कोबायाशि इचिझो यांच्या नावातून 'झो'. या जोडकामातून कायामा युझो तयार झाला. संपत्ती, पर्वत, पराक्रम आणि शेवटी मालक: एका नटाकडून कंपनीला काय काय हवं होतं, ते सगळं त्या चार अक्षरांत आलं आहे.

काही वर्षांतच याच माणसाने स्वतःसाठी आणखी एक नाव जुळवलं, दान कोसाकु. 'दान' घेतला संगीतकार दान इकुमा यांच्याकडून आणि 'कोसाकु' यामादा कोसाकु यांच्याकडून. यामादा म्हणजे 'आकातोंबो' या लाल चतुरांच्या गाण्याचे संगीतकार. त्यांची ती चाल जपानमधल्या पोराटोरांच्याही तोंडी असते. कायामाने पुढे आयुष्यभर संगीत दिलं ते या नावाने. आपल्या गडकऱ्यांनी नाटकं स्वतःच्या नावावर ठेवली, पण कवितेसाठी गोविंदाग्रज आणि विनोदासाठी बाळकराम अशी वेगळी नावं घेतली. मराठी वाचकाला त्यामुळे ही ओढ समजावून सांगावी लागत नाही. तरी कायामाची गोष्ट मला निराळी वाटते. पहिलं नाव त्याला मिळालं होतं. दुसऱ्या नावात त्याने आपले गुरू स्वतः निवडले.

चेहरा तर जन्मापासूनच लोकांचा होता. वडील उएहारा केन १९३० च्या दशकातले देखणे नायक, आई कोझाकुरा योको अभिनेत्री. घर चिगासाकिला, समुद्राकाठी. १९६१ पासून तोहोने त्याला 'वाकादाइशो', म्हणजे 'तरुण सरदार', या मालिकेत घातलं आणि दहा वर्षांत असे सतरा चित्रपट काढले. सुकीयाकीच्या जुन्या खाणावळीतला मुलगा, कॉलेजातला खेळाडू. दर वेळी खेळ बदलतो, मुलगी प्रेमात पडते, शेवटी सामना जिंकला जातो. युद्धाच्या राखेतून उठून पैसा पाहू लागलेल्या देशाला असा निरोगी, हसरा मुलगा हवाच होता.

पण तो खरा नट कुठे दिसतो, असं विचारलं तर मी दिग्दर्शक नारुसे मिकिओ यांच्या 'मिदारेरु'कडे (१९६४) बोट दाखवीन. युद्धात नवरा गेलेली वहिनी एकटीच्या हिमतीवर सासरचं दुकान चालवते. धाकटा दीर तिच्यावर जीव लावून बसला आहे. ती माहेरी निघते, तोही त्याच गाडीत चढतो. डबा खच्चून भरलेला, तो लांब उभा. स्टेशनं मागे पडतात, माणसं उतरतात आणि तो एकेक जागा पुढे सरकत शेवटी तिच्या समोरच्या बाकावर येऊन बसतो. जवळजवळ काही बोलणं नाही. वहिनी झालेल्या ताकामिने हिदेकोसारख्या अभिनेत्रीसमोर त्या 'सरदारा'चा रुबाब गळून पडलेला असतो. उरतो तो ओशाळलेला, हट्टी, कोवळा मुलगा.

पुढच्या वर्षी कुरोसावांचा 'आकाहिगे' आला. नागासाकीला डच वैद्यक शिकून आलेला तरुण डॉक्टर गरिबांच्या दवाखान्यात पडतो आणि तिथला गणवेश घालायचं साफ नाकारतो. सगळ्यांमध्ये तो एकटा भारी कपड्यांत वावरतो. मिफुने तोशिरोचा थोरला डॉक्टर त्याला काही उपदेश करत नाही. मरणाऱ्या म्हाताऱ्याच्या उशाशी बसवतो आणि बघत राहा म्हणतो. पुढे तो तरुण एक दिवस मुकाट्याने गणवेश चढवतो. कंपनीने शिवलेल्या वेशात वावरणाऱ्या नटाने हे काम करावं, यामुळे मला तो प्रसंग दुहेरी अर्थाने लागतो.

त्याच वर्षी, १९६५ च्या डिसेंबरात, दान कोसाकुचं 'किमि तो इत्सुमादेमो' आलं. शब्द इवातानि तोकिको यांचे. आपल्याकडे पडद्यावर ओठ एकाचे आणि गळा दुसऱ्याचा, हे अंगवळणी पडलेलं आहे. जपानी नट मात्र गात असत. इशिहारा युजिरो आधीपासून गातच होता. चाली यायच्या त्या रेकॉर्ड कंपन्यांशी कराराने बांधलेल्या संगीतकारांकडून. नटाने स्वतःचीच चाल घेऊन उभं राहणं, हे नवं होतं. ध्वनिमुद्रणाच्या वेळी मोरिओका केनइचिरो यांनी रचलेली व्हायोलिनं ऐकून कायामा सहज म्हणाला की किती सुख वाटतंय, आणि ते बोलणंच गाण्यात घ्यायचं ठरलं, असं सांगतात. मधल्या जागेत गाणं थांबतं, तो बोटाने नाक चोळतो आणि साध्या आवाजात दोन शब्द बोलतो. हे सूर दान कोसाकुचे, ते ऐकून सुखावतो तो कायामा युझो, आणि नाक चोळणारा मात्र मला चिगासाकिचा इकेहाता वाटतो. लाखो तबकड्या खपल्या. त्याच महिन्याच्या २९ तारखेला यामादा कोसाकु वारले.

१९७० मध्ये चिगासाकिचं पॅसिफिक हॉटेल बुडालं. मालकीत बापलेक दोघेही होते. कर्ज दोनशे तीस कोटी येन. त्याच वर्षी त्याचं लग्न झालं. त्या दिवसांत एक अंडं नवराबायकोने भातावर वाटून खाल्लं, हे तो पुढे सांगत असे. कॅबरेंत गाऊन गाऊन त्याने कर्ज फेडलं. तोवर सरदाराचे चित्रपट संपले होते. चाली मात्र त्याच्याच होत्या, त्या कोणाला परत मागता येत नव्हत्या. १९७६ मध्ये त्याचं 'उमि सोनो आइ' आलं, आणि ८५ व्या वर्षी, २०२२ मध्ये, तो मंचावरून उतरला.

चिगासाकिच्या स्टेशनापासून समुद्राकडे जाणाऱ्या एका रस्त्याला लोक 'युझो-दोरि' म्हणतात. दान कोसाकुच्या नावाचा रस्ता माझ्या माहितीत नाही. ते नाव तबकडीच्या गोल कागदावर, गीतकाराच्या नावाशेजारी, बारीक अक्षरांत छापलेलं आहे.