'काही एक न सांगता निघून गेली'

पोलीस ठाण्यातल्या बेपत्ता नोंदी ज्यांनी वाचल्या आहेत, त्यांना एक वाक्य पाठ असेल : 'सदर महिला राहत्या घरातून कोणास काही एक न सांगता कोठेतरी निघून गेली आहे.' पुढे वर्णन येते. वय, उंची, बांधा मध्यम, रंग सावळा, चेहरा गोल, अंगात हिरव्या रंगाचा पंजाबी ड्रेस, गळ्यात काळ्या मण्यांची पोत, पायात चप्पल, भाषा मराठी व हिंदी. हे सगळे आठवून आठवून सांगितलेले असते. सांगणाऱ्या आईचा किंवा भावाचा जीव त्या काळ्या मण्यांत अडकलेला असतो. पण वरच्या वाक्यातले क्रियापद पाहा. 'निघून गेली.' नेमके काय घडले हे त्या क्षणी कोणालाच ठाऊक नाही; ती स्वतः गेली की तिला नेले, ती जिवंत आहे की नाही, काहीच माहीत नाही. तरीही वाक्याने निकाल देऊन टाकलेला असतो. कर्ता ती, क्रिया तिची, आणि न सांगण्याचा दोषही तिच्याच पदरी. बेपत्ता तरुणीचे प्रकरण वर्षानुवर्षे अनुत्तरित राहिले की आपण म्हणतो, धागेदोरे मिळाले नाहीत. माझे म्हणणे असे, की बऱ्याचदा धागे हातातून सुटतात ते पहिल्या काही आठवड्यांत, आणि त्याची सुरुवात या एका वाक्यापासून होते.

तीच मुलगी अठरा वर्षांची व्हायला एक दिवस बाकी असेल, तर नोंदीची भाषा पार बदलते. तेव्हा लिहिले जाते, 'अज्ञात इसमाने फूस लावून पळवून नेले.' सर्वोच्च न्यायालयाने 'बचपन बचाओ आंदोलन'च्या याचिकेवर मे २०१३ मध्ये आदेश दिला, की बेपत्ता बालकाच्या प्रत्येक तक्रारीत अपहरण किंवा मानवी तस्करी गृहीत धरून गुन्हा नोंदवायचा. अठरा पूर्ण झालेल्या स्त्रीसाठी असे गृहीतक नाही. तिची तक्रार 'मिसिंग'च्या रजिस्टरात जाते. आणि मिसिंग म्हणजे गुन्हा नव्हे. हा फरक वरवर कागदी वाटतो, पण सगळे पाणी इथेच मुरते. गुन्हा दाखल झाला की प्रथम खबरीची प्रत दंडाधिकाऱ्याकडे जाते. घरझडती घेता येते, अटक करता येते. शेवटी पोलिसांना न्यायालयात काहीतरी म्हणावेच लागते : दोषारोपपत्र द्यावे लागते, नाहीतर 'ए समरी' मागावी लागते, म्हणजे गुन्हा खरा आहे पण उघडकीस आला नाही अशी लेखी कबुली द्यावी लागते. ती मागितली तर फिर्यादीला हरकत घेता येते. मिसिंगच्या नोंदीला यातले काहीच नसते. ती कोणत्याही न्यायाधीशासमोर आपसूक जात नाही. तिचा तपास थांबला हे कोणाला कळवावे लागत नाही, कारण तो कधी थांबला याची तारीखच नसते. अनुत्तरित खुनाला निदान 'ए समरी'चा शिक्का तरी मिळतो. बेपत्ता बाईच्या कागदावर तोही पडत नाही.

याचा सर्वांत बोलका पुरावा महाराष्ट्राच्या पोलीस दलातूनच मिळाला आहे. अश्विनी बिद्रे-गोरे या कोल्हापूर जिल्ह्यातल्या, नवी मुंबई पोलिसांत सहायक पोलीस निरीक्षक. ११ एप्रिल २०१६ पासून त्या दिसल्या नाहीत. त्यानंतर त्यांच्या फोनवरून नातेवाइकांना संदेश गेले. ते त्यांनी लिहिलेले नव्हते, हे खटल्यात पुढे आले. कळंबोली पोलीस ठाण्यात बेपत्ता नोंद झाली ती जुलैमध्ये. कुटुंबाचा संशय ज्यांच्यावर होता ते वरिष्ठ पोलीस निरीक्षक अभय कुरुंदकर. कुटुंबाने ठाण्यांचे उंबरठे झिजवले, उच्च न्यायालयाचे दार ठोठावले, तेव्हा कुठे ३१ जानेवारी २०१७ ला अपहरणाचा गुन्हा दाखल झाला. त्याच्या पाच दिवस आधी, प्रजासत्ताक दिनाला, कुरुंदकर यांना राष्ट्रपती पदक मिळाले होते. हे वाचताना आजही मन विषण्ण होते. मिसिंगची नोंद तेव्हा सहा महिने जुनी होती. पण ती गुन्ह्याची नव्हती, त्यामुळे पदकाच्या वाटेत ती आडवी आली नाही.

पुढचे सर्वांना माहीत आहे. तपासाला वेग आला, सहायक पोलीस आयुक्त संगीता शिंदे-अल्फान्सो यांच्याकडे तो असताना बऱ्याच गोष्टी बाहेर आल्या, आणि ७ डिसेंबर २०१७ ला कुरुंदकर यांना अटक झाली. भाईंदरच्या घरात खून करून मृतदेहाचे तुकडे वसईच्या खाडीत टाकले, असे सरकार पक्षाचे म्हणणे होते. खाडीत शोध घेतला, पण हाती काही लागले नाही. एप्रिल २०२५ मध्ये पनवेलच्या सत्र न्यायालयाने कुरुंदकर यांना खुनासाठी दोषी ठरवले आणि २१ तारखेला जन्मठेप सुनावली. पुरावा नष्ट करण्यात साथ देणाऱ्या दोघांना सात वर्षांची शिक्षा झाली, एक जण निर्दोष सुटला. घटनेला तेव्हा नऊ वर्षे आणि दहा दिवस झाले होते. मृतदेह सापडल्याशिवाय खून शाबीतच होत नाही असे आपला कायदा म्हणत नाही, पण मग सगळा भार परिस्थितीजन्य पुराव्यावर येतो : फोन कुठे होता, कोण कोणाशी केव्हा बोलले, कोणाच्या ये-जा करण्याच्या खुणा कुठे उरल्या. या खटल्यात बिद्रे आणि कुरुंदकर यांच्या फोनच्या ठिकाणांची माहिती महत्त्वाची ठरली. आता तारखा एकमेकींशेजारी ठेवून बघा. त्या काळी दूरसंचार कंपन्यांवर कॉलच्या नोंदी किमान एक वर्ष जपण्याचे बंधन होते. ते दोन वर्षांचे झाले डिसेंबर २०२१ मध्ये. घटना एप्रिलची, गुन्हा पुढच्या जानेवारीचा. वर्षाच्या मुदतीतले साडेनऊ महिने गुन्हा नोंदवायचा की नाही यातच गेले. इमारतीच्या जिन्यातला कॅमेरा तर काही आठवड्यांत जुन्या चित्रणावर नवे चढवतो. फरशी धुतली जाते, भिंतीला रंग दिला जातो, रखवालदार नोकरी सोडून गावी जातो. पुरावा असा रोज थोडा थोडा मरत असतो, आणि नेमक्या त्याच दिवसांत कागदावर लिहिलेले असते की ती निघून गेली आहे.

कोणी म्हणेल, हे उदाहरण अपवादाचे आहे. आरोपी स्वतः पोलीस, म्हणून दिरंगाई झाली. ते खरेच आहे. पण तोच मुद्दा उलटा धरून पाहा. बेपत्ता बाई स्वतः अधिकारी होती, तिच्या माणसांना कोणाकडे अर्ज करायचा हे कळत होते, वर्तमानपत्रांनी प्रकरण लावून धरले होते. एवढे असूनही नुसता गुन्हा दाखल व्हायला इतके महिने लागले. ऊसतोडीला आलेल्या टोळीतली मुलगी, घरकामासाठी शहरात आलेली बाई, यांच्यासाठी उच्च न्यायालयात कोण जाणार? दिरंगाई करणाऱ्याला मिसिंगच्या नोंदीत लपायला जागा मिळाली, हा दोष त्या एका प्रकरणापुरता नाही. ती जागा प्रत्येक नोंदीत आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. बेपत्ता म्हणून नोंद झालेल्या बहुतेक स्त्रिया परत येतात किंवा सापडतात. केंद्रीय गृह मंत्रालयाने जुलै २०२३ मध्ये संसदेत दिलेल्या आकड्यांनुसार २०१९ ते २०२१ या तीन वर्षांत देशात अठरा वर्षांवरील १०,६१,६४८ स्त्रिया आणि त्याखालील २,५१,४३० मुली बेपत्ता झाल्याची नोंद आहे. महाराष्ट्रात स्त्रियांची संख्या १,७८,४०० होती. यात पुढे सापडलेल्याही आहेत. एवढ्या सगळ्यांचे गुन्हे नोंदवले तर ठाणी कोलमडतील, ही पोलिसांची तक्रार खोटी नाही. ठाण्यात मिसिंगचे काम ज्या हवालदाराकडे असते, त्याच्याकडे समन्स बजावण्यापासून बंदोबस्तापर्यंत दहा कामे असतात. पण बहुतेक जणी परत येतात याचा अर्थ न परतणाऱ्यांची संख्या मोजकी आहे आणि तिच्याकडे लक्ष देणे शक्य आहे, असाही होतो. गर्दी चाळण्यासाठी चाळणी लागते, आणि आपल्याकडे ती नाही. पंधरा दिवसांत परतलेली आणि पंधरा वर्षे न परतलेली, दोघींची नोंद त्याच रजिस्टरात, त्याच शाईत. ठरावीक मुदतीत, समजा तीस दिवसांत, बाई सुखरूप असल्याची खात्री कोणा अधिकाऱ्याने प्रत्यक्ष बोलून केली नाही, तर ती नोंद आपोआप गुन्हा म्हणून दंडाधिकाऱ्यापुढे गेली पाहिजे. आणि फोनच्या नोंदी व कॅमेऱ्यांचे चित्रण जपण्याचे पत्र तर पहिल्याच दिवशी गेले पाहिजे. त्यासाठी गुन्हा ठरण्याची वाट पाहायचे कारणच नाही. एका पत्राला किती मनुष्यबळ लागते?

तिसरा आक्षेप मला सर्वांत जवळचा वाटतो, कारण तो स्त्रियांच्या बाजूने येतो. सज्ञान मुलीला घर सोडण्याचा हक्क आहे. जातीबाहेर लग्न करणारी, मारहाणीला कंटाळलेली, शिक्षणासाठी पळालेली मुलगी न सांगता जाते, कारण सांगितले तर तिला कोंडतील. अशा मुलीमागे गुन्ह्याचा ससेमिरा लावला तर पोलीस बापाचे गडी होतील आणि तिला फरफटत परत आणतील. हे आजही घडते, आणि त्याची भीती बाळगणे योग्यच आहे. पण इथे दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत होते. शोधणे वेगळे आणि परत आणणे वेगळे. इंग्लंडमध्ये बेपत्ता प्रौढ व्यक्ती सापडली आणि तिने आपला ठावठिकाणा कळवू नका असे सांगितले, तर पोलीस घरच्यांना ती सुखरूप आहे एवढेच कळवतात, पत्ता देत नाहीत. म्हणजे तिच्या स्वातंत्र्याची खात्रीही तिला भेटूनच पटवली जाते. आपल्याकडे स्वातंत्र्याचे कारण पुढे करून भेटायलाच जायचे नाही, असे होते. जी स्वेच्छेने गेली तिला यात काही लाभ नाही आणि जिला मारून टाकले तिचे तर सर्वस्व जाते. अश्विनी बिद्रे यांच्या फोनवरून गेलेल्या संदेशांचा उपयोग नेमका याच समजुतीसाठी होता. बाई स्वतःहून कुठेतरी गेली आहे असे लोकांना सहज पटते, हे पाठवणाऱ्याला माहीत होते.

मग पहिल्या दिवसापासून नीट शोध घेतला की सगळे उलगडते का? तसे म्हणणे अप्रामाणिकपणाचे होईल. २८ जुलै १९८६ ला लंडनच्या फुलहॅम भागात घरविक्रीच्या कार्यालयात काम करणारी पंचवीस वर्षांची सुझी लॅम्प्लू दुपारी एका गिऱ्हाइकाला घर दाखवायला गेली. तिच्या डायरीत लिहिलेले होते : पाऊण वाजता, मिस्टर किपर, ३७ शोरोल्ड्स रोड. ती परतली नाही. शोध त्याच दिवशी सुरू झाला. रात्री तिची पांढरी मोटार दुसऱ्या एका रस्त्यावर मिळाली. आत तिचे पैशांचे पाकीट होते. १९९३ मध्ये तिला कायद्याने मृत धरले. २००० साली पोलिसांनी प्रकरण नव्याने उघडले आणि २००२ मध्ये जॉन कॅनन या दुसऱ्या खुनात जन्मठेप भोगणाऱ्या माणसाचे नाव संशयित म्हणून जाहीर केले. त्याने ते कायम नाकारले, आणि खटला भरण्याइतका पुरावा नाही असे सरकारी वकिलांच्या विभागाने सांगितले. २०१८ मध्ये त्याच्या आईच्या जुन्या घराच्या आवारात खोदकाम झाले, काही सापडले नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये कॅनन तुरुंगात मेला. सुझीचे आईवडील त्याआधीच गेले होते. उत्तर मिळालेच नाही. तरीही सोळा वर्षांनी पोलीस एखादे नाव घेऊ शकले, बत्तीस वर्षांनी कुदळ कुठे मारायची याचा विचार करू शकले, कारण डायरीचे ते पान, ती मोटार, त्या दिवशीच्या साक्षी कोणीतरी जपून ठेवल्या होत्या. फुंकर घालायला राखेत निखारा असावा लागतो. आपल्या मिसिंग रजिस्टरातली दहा वर्षांपूर्वीची नोंद कोणी उद्या उघडली, तर त्याला बहुधा हिरवा ड्रेस आणि काळ्या मण्यांची पोत एवढेच मिळेल.

त्या पोतीचाही उपयोग झाला असता, जर बेवारस मृतदेहांच्या नोंदींशी ती कोणी ताडून पाहिली असती. आकस्मिक मृत्यूचे कागद एका ठाण्यात, मिसिंग दुसऱ्या जिल्ह्यात. डीएनए विधेयकात बेपत्ता व्यक्ती आणि अनोळखी मृत यांच्या स्वतंत्र सूची प्रस्तावित होत्या. त्यात खासगीपणाचे प्रश्न होते आणि त्यावरची टीका रास्त होती. पण जुलै २०२३ मध्ये ते विधेयक मागे घेतले गेले तेव्हा त्या दोन सूचीही त्याच्याबरोबर गेल्या. नातेवाइकांनी आपणहून दिलेला नमुना अनोळखी मृतदेहाशी जुळवायला कोणाच्या खासगीपणाचा भंग होतो, हे मला समजत नाही.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तोवर, वाचकहो, अशी वेळ कोणावर आलीच तर ठाण्यात गेल्यावर दोन गोष्टी लेखी मागा : फोनच्या नोंदी आणि कॅमेऱ्यांचे चित्रण जपून ठेवण्याची विनंती, आणि तिची पोच. जबाबावर सही करण्याआधी शब्द न् शब्द वाचा. त्यात 'निघून गेली' असे लिहिले असेल आणि तुम्ही तसे सांगितले नसेल, तर ते खोडून 'तेव्हापासून दिसलेली नाही' असे लिहायला लावा. जबाब तुमचा आहे आणि तुम्ही जे पाहिले नाही ते त्यात लिहिण्याचा अधिकार कोणालाही नाही.