उत्तर मागणे हे भांडण आहे काय?

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपल्याकडे इतकी रुजली आहे की, न्यायालयात जाणारा मनुष्य एक तर भांडखोर असावा किंवा अविचारी, असे आपण गृहीतच धरतो. बांधावरून पिढ्यान् पिढ्या चाललेले तंटे आणि त्यांपायी धुळीला मिळालेली घरे ज्यांनी पाहिली, त्यांना ती खरी वाटणारच. परंतु ज्याचे कोणाशीही भांडण नाही, ज्याला केवळ आपल्या अर्जाचे उत्तर हवे आहे, त्यालाही ती लागू करावी काय?

पालघर जिल्ह्यातील जव्हार-मोखाड्याच्या डोंगराळ भागात हा प्रश्न पुस्तकी राहत नाही. उतारावरच्या नागली-वरईच्या शेताची हद्द ठरावी म्हणून शेतकरी भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करतो. घराची आकारणी होऊन घरपट्टी लागावी म्हणून ग्रामपंचायतीकडे दुसरा अर्ज देतो. कर चुकवण्यासाठी नव्हे, तर कर भरता यावा म्हणून माणसाने हेलपाटे घालावेत, ही विसंगती विचार करण्याजोगी आहे. सुगी आटोपली की कित्येक कुटुंबे वसई-भिवंडीकडच्या वीटभट्ट्यांवर जातात. उन्हाळ्यात अर्जदार गावी नाही आणि पावसाळ्यात उभ्या पिकातून मोजणी कठीण. असे वर्ष निघून जाते.

नकार आणि विलंब यांत मोठा नैतिक फरक आहे. नकारावर सही असते, तारीख असते, कारण असते. म्हणून त्याविरुद्ध अपील करता येते. मौनावर कोणाचीच सही नसते. अन्याय घडतो, पण तो करणारा सापडत नाही. कर्मचारी कमी आहेत, कामाचा बोजा आहे, हे मान्य केले पाहिजे. तथापि ‘अमुक काळ लागेल’ एवढे लिहून देण्यास मोठे बळ लागत नाही.

कायद्यानेही हे ओळखले आहे. राज्याने २००५ साली शासकीय कामातील विलंबास प्रतिबंध करणारा कायदा केला. २०१५ च्या लोकसेवा हक्क अधिनियमाने अधिसूचित सेवांना मुदत आणि अपिलाची वाट दिली. तेवढ्यानेही दाद न लागल्यास संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय परमादेश देऊ शकते. अशा प्रसंगी न्यायालय बहुधा ‘अर्ज मंजूर करा’ असे म्हणत नाही. ‘अमुक मुदतीत निर्णय द्या’ एवढेच म्हणते. म्हणजे अर्जदार मागतो तो विजय नव्हे, उत्तर.

कष्टकरी संघटनेचे प्रदीप प्रभू यांनी आदिवासींच्या वनजमिनीच्या दाव्यांसाठी १९८६ साली सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. मार्च १९९१ मध्ये न्यायालयाने दाव्यांची चौकशी करण्याचा, तसेच कागदाखेरीज अन्य पुरावाही विचारात घेण्याचा आदेश दिला. पुढे २००६ च्या वनहक्क कायद्याखालील नियमांत गावातील वडीलधाऱ्यांचे निवेदनही पुरावा म्हणून मान्य झाले. ज्यांच्याजवळ कागद नव्हता, त्यांचे बोलणे ऐकले जाऊ लागले.

यावर कोणी म्हणेल, न्यायालयातही वर्षे जातात. मुंबईच्या एकेका खेपेला गरिबाची मजुरी बुडते. आक्षेप खरा आहे. म्हणूनच न्यायालय ही पहिली पायरी नव्हे. स्मरणपत्र, अपील हे मार्ग आधी चोखाळावेत, आणि अर्ज लिहिता येणाऱ्याने न येणाऱ्याच्या शेजारी बसावे. मात्र ते मार्ग संपल्यावर गप्प राहणे म्हणजे शांतता राखणे नव्हे. हद्द न ठरलेल्या बांधावरच उद्या भाऊ भावाच्या अंगावर जाणार असतो.

संत लूकच्या शुभवर्तमानातील विधवा न्यायाधीशाकडे पुन्हा पुन्हा जाते. तिला कोणी भांडखोर म्हटलेले नाही. आपल्या गावातल्या अर्जदारालाही आपण तसे म्हणू नये.