भीमाची दोन बोटं

घाटकोपरच्या रात्रशाळेत अण्णा भाऊ साठ्यांची ‘स्मशानातील सोनं’ ही कथा वाचून झाली की वर्गात वाद पेटतो. वारणेकाठचा दांडगा भीमा मुंबईच्या उपनगरात येतो, खाणीत दगड फोडतो. एक दिवस खाणच बंद होते. पोटासाठी तो मसणातली राख चाळून सोनं शोधू लागतो, मग पुरलेली मढी उकरतो. एका रात्री कोल्ह्यांशी झुंज घेऊन तो मढ्याच्या जबड्यात बोटं घालतो आणि ती तिथंच अडकतात. साकीनाक्याला दिवसभर लेथवर उभा राहणारा माझा एक विद्यार्थी ठामपणे म्हणाला, “बाई, पापच ते. मेलेल्याच्या तोंडचं काढायला गेला, फळ मिळालं.”

हे मी धुडकावून लावत नाही. मेलेल्या माणसाची विटंबना करू नये, ही शिकवण मला मोलाची वाटते. पण मग मोठा प्रश्न उरतो. अण्णा भाऊ लाल बावट्याचे. १९४४ साली अमर शेख, गवाणकरांबरोबर कलापथक उभं करणारे. मढं म्हणजे माती आणि सोनं जित्याच्या उपयोगाचं, असं ठरवून त्यांना भीमाला सुखरूप घरी पाठवता आलं असतं. तसं न करता त्यांनी त्याची बोटं का घेतली?

उत्तर शेवटच्या ओळींत आहे. डॉक्टर भीमाची दोन बोटं कापतात त्याच दिवशी खाण पुन्हा सुरू झाल्याची बातमी येते आणि एवढा धिप्पाड गडी लहान पोरासारखा रडतो. ते रडणं सोन्यासाठी नाही, पापासाठीही नाही. डोंगर फोडणारा हात गेला म्हणून आहे. कर्मफळ सांगायचं असतं तर गोष्ट जबड्यापाशीच संपली असती, ही बातमी कशाला हवी होती?

१९५८ साली दादरच्या दलित साहित्य संमेलनात अण्णा भाऊ म्हणाले होते की पृथ्वी शेषाच्या मस्तकावर नाही, दलित-कष्टकऱ्यांच्या तळहातावर तरली आहे. १ ऑगस्टला, त्यांच्या जयंतीला, हे वाक्य बॅनरवर झळकतं. भीमाशेजारी ठेवून ते कुणी वाचत नाही याचं मला वाईट वाटतं. देव न मानणाऱ्या या माणसाला पवित्र असं काहीतरी होतंच, आणि ते म्हणजे राबणारा हात. गोष्टीतली खरी विटंबना त्या हाताची झाली आहे.

ती केली कुणी? खाण बंद करणारा गोष्टीत समोर येतच नाही. कर्मसिद्धान्ताशी माझं भांडण आहे ते इथं. तो समोरच्या माणसाच्या झडत्या घेतो आणि नजरेआडच्याला मोकळं सोडतो. मागल्या जन्मीच्या कर्माची कल्पना बाबासाहेबांनीही ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’मध्ये नाकारली. मार्क्सच्या वाटेबद्दल दोघांचं पटण्यासारखं नव्हतं, पण अण्णा भाऊंनी ‘फकिरा’ अर्पण केली ती बाबासाहेबांच्या लेखणीला.

वाटेगावहून पायी मुंबईला आलेला, गिरणीत राबलेला, इथं चिरागनगरच्या झोपडीत लिहीत बसलेला आणि १८ जुलै १९६९ ला गोरेगावात हलाखीतच गेलेला माणूस भुकेबद्दल ऐकीव लिहीत नव्हता. तरीही त्यानं भीमाला निर्दोष ठरवलेलं नाही. ज्यांचं माणूस उकरलं गेलं त्यांचं दुःखही खरंच.

त्या विद्यार्थ्याला मी विचारलं, “लेथवर बोट गेलं तर?” तो म्हणाला, “भरपाई मिळते ना, बाई.” खरं आहे. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याच्या परिशिष्टात तर कोणतं बोट गेलं तर कमाईची ताकद किती टक्के घटली, हेसुद्धा लावून दिलेलं होतं. पण बोट कामावर असताना जायला हवं. भीमाची गेली ती काम नव्हतं म्हणून, आणि त्या टक्क्यांत ती कुठेच बसत नाहीत.