दत्तक सायमन

'राइसबॉय स्लीप्स' या चित्रपटातली कोरियन सो-यंग मुलाला डब्यात किंबाप देते. समुद्रशेवाळाच्या पातळ पापुद्र्यात भात आणि भाज्या गुंडाळून कापलेल्या नीटस चकत्या. कॅनडातल्या शाळेत पोरं त्या डब्याला नाकं मुरडतात. घरी येऊन मुलगा आईपाशी हट्ट धरतो, मला सगळ्यांसारखाच डबा हवा. परदेशात शिकलेल्या कितीतरी मराठी मुलांना पोळीभाजीचा डबा उघडताना असंच अवघडल्यासारखं झालं असेल.

हा चित्रपट अँथनी शिमनं लिहिला, दिग्दर्शित केला, संकलितही केला. शिम सोलमध्ये जन्मला, लहानपणी कॅनडात आला आणि व्हँकूव्हरच्या परिसरात वाढला. आधी नट, मग दिग्दर्शक. आपल्या बालपणातलं बरंच काही त्यानं या गोष्टीत घातलं. २०२२ मध्ये टोरंटो महोत्सवात 'प्लॅटफॉर्म' विभागाचं पारितोषिक चित्रपटाला मिळालं.

स्थलांतरित नटाच्या वाट्याला सहसा दुसऱ्यानं लिहिलेली चार वाक्यांची कामं येतात. स्वतःचा चित्रपट काढल्यावर त्यानं मोठी भूमिका घेतली असती तर कुणी नावं ठेवली नसती. शिमनं घेतली सायमनची, म्हणजे सो-यंगवर जीव जडलेल्या माणसाची. जन्मानं कोरियन, पण गोऱ्या कुटुंबात दत्तक गेलेला. ज्या डब्याची सो-यंगच्या मुलाला लाज वाटते, तसा डबा सायमनला कधी मिळालाच नाही. मला ही निवड फार मोठी वाटते. आपल्यापेक्षा जास्त गमावलेल्या माणसाच्या जागी तो जाऊन उभा राहिला.

आणि चित्रपटाचा मध्य त्यानं आईला दिला. कारखान्यात राबणारी, मुख्याध्यापकांसमोर मोडक्या इंग्रजीत मुलाची बाजू मांडणारी, तसूभरही मागे न हटणारी आई. शाळेतल्या पोरांवर सूड उगवायची संधी दिग्दर्शकाच्या हातात होती, पण त्याची नजर तिकडे फार रेंगाळत नाही. वर्षं सरतात. मुलगा केस पिवळे करतो, आई कोरियनमध्ये बोलते आणि तो बहुतेक इंग्रजीत उत्तर देतो. लहानपणी आईकडे नीट पाहायचं राहून गेलेला कुणीतरी आता सवडीनं, एकेका लांब दृश्यातून तिच्याकडे बघतो आहे, असं पाहताना सारखं जाणवतं.

१६ मिमी फिल्मवर केलेल्या या चित्रणात कॅनडाची दृश्यं जवळजवळ चौकोनी चौकटीत बसवली आहेत. असाध्य आजार झालेली आई मुलाला घेऊन कोरियाला जाते, त्याच्या वडिलांच्या माणसांत, तेव्हा ती चौकट रुंद होते. कुणी पात्र त्याबद्दल अवाक्षर काढत नाही. इतका वेळ आपणही अंग चोरून बसलो होतो, हे तेव्हा कळतं.