दप्तरी दाखल

मंडईत भाजी घ्यायला जाणारा पुणेकर सहसा मान वर करत नाही. त्याचं लक्ष कोथिंबिरीच्या जुडीवर आणि तोंड भाव पाडण्यात असतं. तरी एखाद्या सकाळी पिशवी खाली ठेवून त्या अष्टकोनी दगडी इमारतीकडे नीट पाहावं. १८८६ साली ती बांधून झाली आणि तेव्हाचे गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने रे मार्केट म्हणून ओळखली जाऊ लागली. नगरपालिकेची कचेरीही पुढे कित्येक वर्षं याच इमारतीत होती. खाली वांगी, वर ठराव. आवारात लोकमान्य टिळकांचा पुतळा आहे, १९२४ साली मोतीलाल नेहरूंच्या हस्ते अनावरण झालेला. इमारतीला आज नाव आहे महात्मा फुल्यांचं, आणि ते देण्यात पुढाकार होता आचार्य अत्र्यांचा.

फुल्यांनी १८४८ पासून शाळा काढल्या आणि स्वतः शिकवलं. टिळक न्यू इंग्लिश स्कुलात गणित शिकवत. अत्रे कॅम्प एज्युकेशन सोसायटीच्या शाळेचे हेडमास्तर होते आणि लंडनहून शिक्षकीची पदविका घेऊन आले होते. तिघेही कधी ना कधी पुणे नगरपालिकेचे सभासद होते. यांच्यात नामदार गोखल्यांची भर घातली, तर ते सभासदच नव्हे, अध्यक्षही झाले. म्हणजे ज्या इमारतीला पुणेकर नुसतं 'मंडई' म्हणतो, तिच्याभोवती चार मास्तर उभे आहेत. आपसात त्यांचं फारसं पटलं नसतं, ही गोष्ट वेगळी.

हे डोक्यात घोळायला लागलं ते बेल्जियममधल्या एका माणसाविषयी वाचताना. लूव्हेन हे तिथलं विद्यापीठाचं गाव. विद्यापीठ १४२५ सालचं, लोकवस्ती लाखभर, रस्त्यांवर सायकली आणि विद्यार्थी. आपल्याकडे सायकलींचं पुणे गेलं, विद्यार्थ्यांचं राहिलं, तरी नातं लक्षात येतं. या गावात लुई टोबॅक नावाचा माणूस १९९५ ते २०१८ नगराध्यक्ष होता. फ्रेंचच्या कुळातल्या भाषांचा पदवीधर, सुरुवातीची वर्षं शिक्षकीची, मग नगरपालिका, संसद, देशाचं गृहमंत्रिपद, आणि ते सगळं करून पुन्हा गावाच्या खुर्चीवर. आपल्याकडे गृहमंत्री झालेला माणूस महापौर व्हायला परत येईल का? आला तर लोक म्हणतील, पक्षाने बाजूला टाकला वाटतं.

तिकडे नगरपालिकेची निवडणूक दर सहा वर्षांनी होते आणि नगराध्यक्ष कारभाराचा खरा प्रमुख असतो. गावातल्या सुव्यवस्थेची जबाबदारीही त्याच्यावरच असते. कितीदा निवडून यावं याला बंधन नाही. त्यामुळे तिथल्या गावांत वीस-पंचवीस वर्षं एकच नगराध्यक्ष असणं ही नवलाई नाही, आणि त्यात माजी शिक्षक आढळणं तर मुळीच नाही.

मग पुण्यात, विद्येच्या माहेरघरात, असा मास्तर का नाही?

याचं एक उत्तर सरळ कायद्यात आहे. महानगरपालिका स्थापन झाली १५ फेब्रुवारी १९५० ला. तिचा कारभार ज्या १९४९ च्या कायद्याने चालतो त्यात अंमलबजावणीचे अधिकार आयुक्तांकडे आहेत आणि आयुक्त राज्य सरकार पाठवतं. महापौर मुख्य सभेचा अध्यक्ष. घंटा वाजवणं, सभा तहकूब करणं, पाहुण्यांना मानपत्र देणं ही त्याची कामं. पैशाची चावी स्थायी समितीकडे, तिजोरी आयुक्तांकडे. पूर्वी महापौरपद एक वर्षाचं असे. नानासाहेब गोऱ्यांसारखा माणूस महापौर झाला, भाई वैद्य १९७४-७५ मध्ये झाले, आणि दोघांनाही पुण्याने वर्षभरच त्या खुर्चीवर पाहिलं. पुढे मुदत अडीच वर्षांची झाली. पण दर वेळी आरक्षणाची सोडत निघते आणि पुढचा महापौर कोणत्या प्रवर्गातला असेल ते ती चिठ्ठी ठरवते.

इथे मला थांबायला हवं, कारण या सोडतीवर चरफडणं फार सोपं आहे. सोडत नसती तर पुण्याच्या महापौरपदावर किती बायका बसल्या असत्या? दलित समाजातली बाई बसली असती का? चार मास्तरांपैकी तीन ब्राह्मण, आणि चौघेही पुरुष, हे मंडईत उभं राहिलं की दिसतंच. ज्या सावित्रीबाईंनी याच शहरात शिकवलं त्या नगरपालिकेत कशा बसणार? तेव्हा बायकांना तिथे जागाच नव्हती. म्हणून लांब कारकीर्द हवी असं म्हणताना ती कोणाची झाली असती, हेही विचारायला हवं.

तरीही काहीतरी हरवलं आहे, आणि ते शोधायला फुल्यांपासून सुरुवात करावी लागते.

१८७६ ते १८८२ या काळात फुले पुणे नगरपालिकेचे सभासद होते. त्या वेळच्या भाषेत म्युनिसिपल कमिशनर, आणि तेही सरकारने नेमलेले. नेमलेल्या माणसाने होयबा व्हावं ही अपेक्षा. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांच्या स्वागतावर हजार रुपये खर्च करायचा ठराव आला तेव्हा विरोधात मत पडलं ते एकट्या फुल्यांचं. हे पैसे गोरगरिबांच्या शिक्षणाला द्या, हे त्यांचं म्हणणं. गावात दारूची दुकानं वाढली म्हणून १८८० साली त्यांनी नगरपालिकेला पत्र लिहिलं. आणि मंडईची भव्य इमारत बांधायचा बेत आला तेव्हाही ते विरोधातच होते. एवढा पैसा दगडात घालण्यापेक्षा शाळांत घाला. मत हरलं, इमारत उभी राहिली आणि अर्धशतकाने तिला त्यांचंच नाव मिळालं. आपण थोर माणसांचं ऐकत नाही, पण ज्या गोष्टीला त्यांनी विरोध केला तिच्यावर त्यांचं नाव मात्र मोठ्या अक्षरांत लिहितो. पुण्याला हे चांगलं जमतं.

१८८२ हे साल या सगळ्यात मध्यभागी येतं. त्याच साली व्हाइसरॉय लॉर्ड रिपनचा स्थानिक स्वराज्याचा ठराव आला. त्यामागचा विचार असा की नगरपालिका ही लोकांना राज्यकारभार शिकवणारी शाळा आहे. कारभार थोडा गबाळा झाला तरी चालेल, लोक शिकले पाहिजेत. आणि त्याच साली ऑक्टोबरात फुल्यांनी शिक्षणाच्या चौकशीसाठी नेमलेल्या हंटर आयोगापुढे आपलं निवेदन ठेवलं. त्या निवेदनाखालची सही मला फार बोलकी वाटते. वर्षानुवर्षं शाळा चालवलेला हा माणूस स्वतःला शिक्षक म्हणवत नाही. व्यापारी, शेतकरी आणि म्युनिसिपल कमिशनर, पत्ता जुना गंज पेठ, अशी ती सही आहे. सरकारपुढे शिक्षणाबद्दल बोलताना त्यांनी नगरपालिकेतली जागा पुढे केली. मास्तर सांगतो तेव्हा लोक मान डोलावतात, सभासद सांगतो तेव्हा त्याची नोंद होते, हे त्यांना कळलं असावं.

गोखल्यांचा रस्ता वेगळा. १८८५ मध्ये पस्तीस रुपये पगारावर ते न्यू इंग्लिश स्कुलात लागले. मग ती शाळा चालवणाऱ्या संस्थेचे, पंचाहत्तर रुपयांवर आयुष्य वाहून घेतलेले आजीव सदस्य. फर्ग्युसनमध्ये गणित शिकवा म्हटलं तर गणित, इंग्रजी म्हटलं तर इंग्रजी, इतिहास म्हटलं तर इतिहास. अंकगणिताचं त्यांचं पुस्तक तर पिढ्यानपिढ्या मुलांच्या डोक्यावर बसलं. १९०२ साली कॉलेज सोडलं आणि त्यानंतरच्या वर्षांत ते नगरपालिकेचे अध्यक्ष झाले. त्याच वेळी ते कलकत्त्याला व्हाइसरॉयच्या कायदेमंडळात बसून साम्राज्याच्या अंदाजपत्रकाची चिरफाड करत होते. एकाच माणसाने सकाळी गटाराचा विषय घ्यावा आणि हिवाळ्यात मिठावरच्या कराचा, हे आज कोणी केलं तर आपण त्याला दोन्हीकडे अर्धवट म्हणू.

गोखल्यांचं खरं काम मात्र दोन्ही टोकं जोडणारं होतं. १६ मार्च १९११ ला त्यांनी सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचं विधेयक मांडलं. त्यातली मेख अशी की सक्ती सरकारने वरून लादायची नव्हती. नगरपालिकांनी आणि लोकल बोर्डांनी ठरवली तर आपापल्या हद्दीत करायची होती. नगरपालिकेत बसलेल्या मास्तरालाच असं सुचतं. शाळेत कोण येत नाही हे मुंबईच्या सचिवालयाला कळत नाही, ते पेठेला कळतं. १९१२ च्या मार्चमध्ये ते विधेयक ३८ विरुद्ध १३ मतांनी पडलं.

पुढे १९१८ चा मुंबई इलाख्याचा कायदा आला, विठ्ठलभाई पटेलांचा, आणि नगरपालिकांना सक्तीचा अधिकार मिळाला. मग पुण्यात जे झालं ते आपण सहसा दिवाळी अंकांत लिहीत नाही. सक्ती मुलांपुरती करायची की मुलींनाही, यावर शहर पेटलं. टिळक, म्हणजे आपले गणिताचे मास्तर, त्यांचा पक्ष म्हणत होता, पैसा कमी आहे, आधी मुलगे. दुसरी बाजू म्हणत होती, मग मुलींचा नंबर कधी? १९२० च्या फेब्रुवारीत या वादावरच्या सभेत टिळकांनाही बोलू दिलं गेलं नाही. ज्या माणसाच्या शब्दावर शहर उभं राहत होतं त्याला त्याच शहराने शाळेच्या प्रश्नावर खाली बसवलं. नगरपालिका ही शाळा आहे हे रिपनचं म्हणणं एवढं खरं झालं की मास्तरही वर्गात उभे राहिले.

अत्र्यांच्या वेळी ही आग विझून तिच्या जागी खुमारी आली होती. १९३० च्या दशकाच्या अखेरीस ते नगरपालिकेत गेले, स्थायी समितीचे अध्यक्ष झाले, भांबुर्ड्याचं शिवाजीनगर करण्यात पुढे होते, बससाठी झटले आणि टांगेवाल्यांच्या शिव्या खाल्ल्या. त्याच काळात ते नाटकं, सिनेमे, शाळेची वाचनमाला असं सगळं लिहीत होते. वाचनमाला लिहिणारा माणूस स्थायी समितीत बसतो तेव्हा तो गावाच्या भाषेलाही हात घालतो, म्हणून नावं बदलणं त्यांना गौण वाटलं नसावं. मला ते तेवढं महत्त्वाचं वाटत नाही. पण रे मार्केटला त्यांनी ज्या मास्तराचं नाव दिलं त्याच्यावर त्यांनीच १९५४ साली चित्रपट काढला आणि त्याला राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालं. एवढी सातत्याची शिष्यवृत्ती फार थोड्या नगरसेवकांनी दाखवली असेल.

या चौघांपैकी कोणीही लूव्हेनच्या माणसासारखा तेवीस वर्षं खुर्चीवर बसला नाही. तरी ते टिकले, कारण त्यांची खुर्ची नगरपालिकेत नव्हती. फुल्यांची गंज पेठेत होती, गोखल्यांची व्हाइसरॉयच्या कायदेमंडळात, अत्र्यांची कॅम्पातल्या शाळेत आणि मग छापखान्यात. मुदत संपली की परत जायला त्यांना एक जागा होती, आणि ती नगरपालिकेपेक्षा मोठी होती. आजच्या नगरसेवकाची मुदत संपली की त्याच्याकडे उरतात ती बांधकामं आणि फ्लेक्स.

मराठीत 'दप्तर' हा शब्द मुलाच्या पाठीवरही असतो आणि कचेरीच्या कपाटातही. सभेत एखादा ठराव नकोसा झाला की तो 'दप्तरी दाखल' होतो. मास्तराला मुलाचं दप्तर उघडून पाहायची सवय असते. डबा आहे का, वही आहे का, काल दिलेलं गणित केलं का. कचेरीचं दप्तर असं रोज कोण उघडतं? नगरसेवकाला ते उघडायला यायच्या आत पाच वर्षं संपतात. ठराव, प्रशासनाचा अभिप्राय, वर्गीकरण, स यादी, टेंडर हे शब्द नव्या सभासदाला कळायला पहिली दोन वर्षं जातात. तिसऱ्या वर्षी तो कामाचा होतो आणि तेवढ्यात प्रभागाची रचना बदलते.

मग महापौराला अधिकार देऊन पाहावं का? महाराष्ट्राने पाहिलं. १९९८ मध्ये मुंबई आणि नागपुरात महापौर परिषद आली आणि वर्षभरात गेली. नगरपालिकांत नगराध्यक्ष थेट लोकांतून निवडायची पद्धत २०१६ ला आली, २०२० ला गेली, २०२२ ला परत आली. ज्या पक्षाला जेव्हा जे सोयीचं ते. खेड्यात मात्र माणूस टिकतो. हिवरे बाजारच्या पोपटराव पवारांनी सरपंच म्हणून पाणी आणि गवत मोजायला लावलं आणि गाव शिकलं, कारण मोजायला लावणारा पुढच्या पावसाळ्यातही तिथेच होता.

पुण्यात कोण टिकलं? १४ मार्च २०२२ ला महापालिकेची मुदत संपली आणि प्रशासकाचा कारभार सुरू झाला. तो जवळजवळ चार वर्षं चालला. महापौरांना कायद्याने मिळतात अडीच वर्षं. कोणीही न निवडलेली राजवट निवडून आलेल्या महापौरापेक्षा जास्त काळ बसली, आणि शहराने हे एखादी गल्ली खोदलेली राहावी तसं सवयीने पाहिलं.

१५ जानेवारी २०२६ ला अखेर मतदान झालं. एकेचाळीस प्रभाग, एकशे पासष्ट जागा, बहुतेक ठिकाणी एका माणसाने चार मतं द्यायची. माझं केंद्र महापालिकेच्या शाळेत होतं. बाकं इतकी ठेंगणी की मतदान अधिकाऱ्यांचे गुडघे टेबलाला लागत होते. यादीत नाव शोधणाऱ्या बाई शिक्षिका, हे त्यांच्या आवाजावरूनच कळलं. "मोठ्याने सांगा नाव, आणि पुढे सरका." त्यांच्या शेजारी बसलेल्या दुसऱ्या बाईंनी माझं बोट धरलं आणि मार्करने नखाशी रेघ ओढली, मुलांची वही तपासताना ओढावी तशी सरळ. चार मतं देऊन वळलो तर मागच्या फळ्यावर आदल्या दिवसाचा सुविचार अर्धा पुसलेला होता. उजव्या कोपऱ्यात मात्र कोणी हात लावला नव्हता. पट ३६, हजर ३१.